करार कोणता, तेवढे तरी छापा

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या क्रीडा पानावर बास्केटबॉलला जागा मिळते ती बहुधा दोनदा. जूनमध्ये एनबीए या अमेरिकेतल्या लीगचा विजेता ठरतो तेव्हा, आणि भारतीय वंशाचा एखादा मुलगा तिकडे ‘करारबद्ध’ होतो तेव्हा. मध्येच कधी एखादी चौकट येते, अमुक खेळाडूने अकरा संघ बदलले, तमुक बारा संघ फिरून आला. चौकटीचा सूर ठरलेला असतो, बिचाऱ्याचा कुठेच जम बसला नाही. हरकत आहे ती या सुराला. खेळाडू किती संघांत खेळला यावरून त्याची कुवत फारशी कळत नाही. तो कोणत्या प्रकारच्या करारावर होता यावरून पुष्कळ कळते, आणि बातमीत नेमके तेच नसते.

एनबीएचे संघ ३०. एका संघाला नियमित करारावर जास्तीत जास्त १५ खेळाडू ठेवता येतात, म्हणजे सगळ्या जगातून मिळून जागा ४५०. त्याखेरीज २०१७-१८ पासून ‘टू-वे’ नावाचे अर्धे करार आले, आधी संघामागे दोन आणि २०२३-२४ पासून तीन. दरवर्षी ड्राफ्टच्या, म्हणजे संघांनी पाळीपाळीने नवे खेळाडू निवडण्याच्या, दोन फेऱ्यांतून साठाच्या आसपास नवे खेळाडू निवडले जातात. ड्राफ्टमध्ये नाव न आलेले आणि युरोपातून परतणारे निराळेच. जागा तेवढ्याच राहतात, तेव्हा दरवर्षी तितक्याच लोकांना उठावे लागते. संघातले पहिले आठ-नऊ जण सहसा जागचे हलत नाहीत. उठायची पाळी येते ती बाराव्यापासून पंधराव्या जागेपर्यंतच्या गड्यांवर. भटक्या खेळाडूची सारी कारकीर्द याच तीन-चार खुर्च्यांवर घडते.

हा गडी एकाच संघात दुसऱ्या वर्षी का दिसत नाही, याचे उत्तर पुष्कळदा पगाराच्या तक्त्यात असते. किमान वेतन अनुभवाच्या वर्षांप्रमाणे चढत जाते. २०२३-२४ च्या हंगामात नवख्याला ११ लाख १९ हजार ५६३ डॉलर, दोन वर्षे झालेल्याला २० लाख १९ हजार ७०६, आणि दहा किंवा जास्त वर्षे काढलेल्याला ३१ लाख ९६ हजार ४४८ डॉलर. ही सारी तफावत संघांनाच भरावी लागली असती तर त्यांनी जुन्या माणसाला दारातही उभे केले नसते. म्हणून लीगने तोड काढली आहे. तीन किंवा अधिक वर्षांच्या अनुभवी खेळाडूला किमान वेतनावर घेतले, तर संघाच्या खात्यात दोन वर्षांच्या अनुभवाचाच पगार धरला जातो आणि वरचा फरक लीग भरते. मात्र ही सवलत एका वर्षाच्या करारालाच आहे. दोन वर्षांचा करार केला की पूर्ण आकडा संघाच्या डोक्यावर बसतो. मग कोणता व्यवस्थापक दोन वर्षांचा करार देईल? चांगला खेळूनही जुलै उजाडला की हा माणूस पुन्हा बाजारात उभा, आणि त्याच्या नावापुढे संघांची संख्या एकाने वाढलेली.

दुसरा नियम बोस्टनचा जुना तारा लॅरी बर्ड याच्या नावाने ओळखला जातो. करार संपून मुक्त झालेला खेळाडू म्हणून संघ न बदलता सलग तीन हंगाम काढले, की तो संघ वेतनमर्यादा, म्हणजे संघाच्या एकूण पगारांवरची मर्यादा, ओलांडूनही त्याला मोठा करार देऊ शकतो. दरवर्षी नव्या गावी जाणाऱ्याच्या पदरी हा हक्क कधी पडतच नाही. हा हक्क केवढ्या मोलाचा, हे जो स्मिथच्या प्रकरणात दिसले. हा १९९५ च्या ड्राफ्टमधला पहिल्या क्रमांकाचा खेळाडू. मिनेसोटाने त्याच्याशी एकेका वर्षाचे छोटे करार केले आणि तीन वर्षे भरली की घसघशीत रक्कम देऊ, असा छुपा शब्द दिला. २००० साली हे बिंग फुटले. संघाला ३५ लाख डॉलर दंड झाला, पहिल्या फेरीतल्या निवडीचे हक्क गेले, आणि स्मिथचा करार रद्द होऊन त्याला डेट्रॉइट गाठावे लागले. पुढे त्याच्या नावावर बारा संघ लागले. बारा संघांचा हा आकडा चकी ब्राउन, जिम जॅक्सन आणि टोनी मॅसेनबर्ग यांच्याही नावावर आहे. जॅक्सन तर १९९२ चा चौथ्या क्रमांकाचा खेळाडू. ब्राउनला ह्यूस्टनकडून १९९५ चे, मॅसेनबर्गला सॅन अँटोनिओकडून २००५ चे विजेतेपद मिळाले. यांना कुवत नसलेले म्हणायचे असेल तर पुरावा दुसरा द्यावा लागेल.

अदलाबदलीतही हाच हिशेब असतो. वेतनमर्यादेच्या वर गेलेल्या संघांना दोन्ही बाजूंच्या पगारांची बेरीज जवळपास जुळवावी लागते. मोठ्या खेळाडूचा सौदा ठरतो आणि पारडे समतोल करायला मध्यम पगाराचा एखादा करार सोबत जातो. इश स्मिथ हा सहा फूट उंचीचा गार्ड, म्हणजे बाहेरून चेंडू खेळवणारा खेळाडू, २०१० मध्ये ड्राफ्टमध्ये निवडलाही गेला नव्हता. जुलै २०२२ मध्ये वॉशिंग्टनने केंटाव्हियस काल्डवेल-पोपला डेन्व्हरला दिले आणि माँटे मॉरिस व विल बार्टन यांना घेतले, त्या सौद्यात स्मिथ काल्डवेल-पोपसोबत गेला. डेन्व्हर त्याचा तेरावा संघ, हा विक्रम झाला, आणि पुढच्याच जूनमध्ये डेन्व्हर विजेता ठरला. विक्रमाच्या बातमीत ‘तेरा संघ’ ठळक असते. पगारांची बेरीज जुळवायला त्याचा करार कामी आला, ही गोष्ट कुठेच नसते.

आता ‘करारबद्ध’ या शिक्क्याखाली काय काय दडलेले असते ते पाहा. सप्टेंबरअखेर सराव शिबिर सुरू होते तेव्हा संघात २१ जण असू शकतात. त्यातले तिघे-चौघे ‘एक्झिबिट १०’ करारावर असतात. हा करार एका वर्षाचा, किमान वेतनाचा आणि बिनहमीचा. शिबिर संपताना संघ त्यांना सोडतो. सोडलेला खेळाडू त्याच संघाच्या जी लीग या दुय्यम लीगमधल्या शाखेत जाऊन ६० दिवस राहिला, तर करारात ठरलेला बोनस मिळतो. म्हणजे पोराचे नाव ‘एनबीए संघाशी करारबद्ध’ म्हणून छापून येते, पण संघाचा हेतू सुरुवातीपासून त्याला शाखेत पाठवण्याचा असतो. जी लीगमध्ये २०२२-२३ च्या हंगामाचा पगार ४० हजार ५०० डॉलर होता. प्रवास साध्या प्रवासी विमानांनी, मोठ्या संघांसारखी खास विमाने नाहीत. पण एक सोय मोठी आहे. टू-वे करार नसलेल्या जी लीग खेळाडूला एनबीएचा कोणताही संघ उचलू शकतो, तो दुसऱ्याच संघाच्या शाखेत खेळत असला तरी.

टू-वे करार म्हणजे नवख्याच्या किमान पगाराचा अर्धा पगार आणि मुख्य संघाकडून जास्तीत जास्त ५० सामने. प्लेऑफमध्ये, म्हणजे नियमित हंगामानंतरच्या विजेतेपदाच्या फेऱ्यांत, हा खेळाडू चालत नाही, त्याआधी त्याचा करार नियमित करावा लागतो. बिनहमीच्या नियमित कराराची खरी तारीख १० जानेवारी. त्या दिवशी नाव यादीत असले की उरलेल्या हंगामाचा पगार पक्का. मात्र सोडलेल्या खेळाडूवर इतर संघांना हक्क सांगायला ४८ तास द्यावे लागतात, म्हणून खरा निकाल ७ जानेवारीलाच लागतो. म्हणून या तारखेआधी एक-दोन दिवस चांगले खेळणाऱ्यांचेही नाव यादीतून गेलेले दिसते. हातावर पोट असलेल्या खेळाडूने त्याआधी वर्षभराच्या भाड्याचे घर घेऊ नये, असे एजंट बजावून सांगतात.

दहा दिवसांचा करार ५ जानेवारीपासून करता येतो. मुदत दहा दिवस किंवा तीन सामने, यांतली जी लांब असेल ती. एका हंगामात एक संघ एका खेळाडूला असे दोनच करार देऊ शकतो. तिसऱ्यांदा हवा असेल तर हंगामअखेरपर्यंत ठेवा, नाहीतर सोडा. पगार दिवसावर मोजला जातो, हंगामाचे दिवस १७४. २०२३-२४ मध्ये नवख्याला दहा दिवसांचे ६४ हजार ३४३ डॉलर पडत होते. दहा वर्षांच्या अनुभवी माणसाला सुमारे १ लाख ८४ हजार, त्यातले १ लाख १६ हजार संघाचे आणि बाकी लीगचे. यातून १० टक्के एस्क्रो म्हणून राखून ठेवले जातात, एजंटची दलाली जाते, आणि ज्या ज्या राज्यात सामना किंवा सराव झाला त्या त्या राज्याचा आयकर दिवसांच्या प्रमाणात कापला जातो. कर भरताना पाच-सहा राज्यांची विवरणपत्रे सहज होतात. १ मार्चनंतर सोडलेल्या खेळाडूला दुसऱ्या संघाकडून प्लेऑफ खेळता येत नाही, म्हणून फेब्रुवारीचे शेवटचे दिवस या मंडळींना फोन उशाशी ठेवून काढावे लागतात.

या दहा दिवसांत करायचे काय? हे आमच्याकडे कोणीच लिहीत नाही, म्हणून जरा सविस्तर. फोन येतो तो बहुधा कोणीतरी जखमी झाले म्हणून. रात्री विमान, सकाळी वैद्यकीय तपासणी, दुपारी हलका सराव, संध्याकाळी सामना. जानेवारी-फेब्रुवारीत सामन्यांची दाटी असल्याने पुरता सराव असा होतच नाही. टॅबलेटवर चित्रफिती मिळतात आणि एक साहाय्यक प्रशिक्षक पाऊण तास डोके खातो. शहाणा खेळाडू आधी चढाईचे डाव पाठ करत बसत नाही, बचावाच्या खुणा पाठ करतो. कडेला पिक अँड रोल झाला, म्हणजे एकाने बचावपटूची वाट अडवून चेंडूवाल्या सोबत्याला मोकळे केले, तर चेंडूवाल्याला मधल्या बाजूला येऊ द्यायचे नाही, हा बचाव जवळपास सगळे संघ खेळतात. पण एका ठिकाणी त्याला ‘आइस’ म्हणतात, दुसरीकडे ‘ब्लू’, तिसरीकडे ‘डाउन’. मागे कड्याजवळ उभ्या असलेल्या उंच सेंटरने ‘ब्लू’ अशी हाक दिली आणि नव्या गार्डने अर्धा क्षण विचार केला, की समोरचा मधून घुसलाच. प्रेक्षकांना वाटते, याचे पाय जड आहेत. पाय ठीक असतात, कालपर्यंत कानावर दुसरी हाक पडत होती. डाव विसरला तर दोन गुण हुकतात, पण बचावाची हाक चुकली तर प्रशिक्षक लगेच बाहेर बसवतो आणि दहा दिवस संपतात.

दुसरी चूक उतावळेपणाची. निकाल लागलेल्या सामन्याची शेवटची चार मिनिटे मिळतात आणि पोरगा चार फटके मारतो. संघाला त्याच्याकडून गुण नको असतात, गुण मिळवणारे त्यांच्याकडे आहेत. त्याने कोपऱ्यात योग्य जागी उभे राहावे, मिळालेला मोकळा फटका मारावा, चेंडू गमावू नये आणि बचावात सतत बोलावे, एवढीच अपेक्षा असते. केव्हिन ओली याच भांडवलावर तेरा हंगाम टिकला. १९९५ मध्ये ड्राफ्टमध्ये नाव नाही, दोन वर्षे कनेटिकट प्राइडकडून खालच्या सीबीए लीगमध्ये, मग दहा-दहा दिवसांचे करार आणि एकूण अकरा संघ. चेंडू न गमावणारा दुसऱ्या फळीचा गार्ड, ही त्याची ओळख. शेवटचा हंगाम ओक्लाहोमा सिटीत, कोवळ्या केव्हिन ड्युरंट आणि रसेल वेस्टब्रुकच्या सोबत. २०१४ मध्ये त्याच्याच प्रशिक्षणाखाली कनेटिकट विद्यापीठाने राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. फटक्यांवर नाव झालेला अपवाद म्हणजे आंद्रे इन्ग्राम. खालच्या लीगमध्ये दहा हंगाम काढून ३२ व्या वर्षी, १० एप्रिल २०१८ ला, तो लॉस एंजेलिस लेकर्सकडून पहिला सामना खेळला आणि १९ गुण केले, थ्री-पॉइंटर म्हणजे तीन गुणांचे लांबचे फटके पाचपैकी चार. हंगाम दुसऱ्याच दिवशी संपला.

खरी कसोटी मात्र जुलैची. लास व्हेगासची समर लीग, म्हणजे नवख्यांना अजमावणारी उन्हाळी स्पर्धा, संपत आलेली असते आणि युरोपातले क्लब प्रस्ताव घेऊन उभे असतात. तेव्हा हो म्हटले तर पैसा चांगला आणि हमीचा, पण सप्टेंबरअखेरच्या एनबीए शिबिराचे दार बंद. थांबले आणि शिबिरातून नाव कटले, तर तोवर युरोपातल्या चांगल्या जागा भरलेल्या असतात आणि उरलेल्यांचे भाव पडलेले. म्हणून करारात ‘एनबीए आउट’ नावाचे कलम घालतात. अमुक तारखेपर्यंत एनबीएकडून बोलावणे आले तर ठरलेली रक्कम भरून बाहेर पडता येते. तारीख कोणती, यावरच एजंटची खरी लढाई होते. क्लबला ती जुलैअखेरची हवी असते, खेळाडूला जितकी पुढे ढकलता येईल तितकी.

परदेशी करारात पगार निव्वळ सांगितला जातो, कर क्लबने भरायचा. घर, मोटार, जाण्यायेण्याची तिकिटे क्लबची, आणि एजंटची साधारण दहा टक्के दलालीही क्लबचीच. कागदावर हे सगळे गोंडस दिसते. बिघडते ते तीन ठिकाणी. पहिले, वैद्यकीय तपासणी. करार तपासणीनंतरच लागू होतो. ती पोहोचल्यापासून दोन-तीन दिवसांत झाली नाही तर करार पक्का समजावा, असे कलम नसेल तर क्लब आधी चार सराव सामने खेळवून घेतो आणि मग गुडघ्याचे निमित्त सांगतो. दुसरे, कर. क्लबने कर भरल्याचा दाखला मागून घेतला नाही तर दोन वर्षांनी नोटीस खेळाडूच्या नावे येते. तिसरे आणि नेहमीचे, थकलेला पगार. हप्ता किती दिवस थकला की सराव थांबवता येतो आणि किती दिवसांनी उरलेल्या पूर्ण रकमेसह करार मोडता येतो, हे दिवस लिहून घ्यावे लागतात. रागाच्या भरात लेखी नोटीस न देता जो सामान बांधतो, त्याच्यावर क्लबच करार मोडल्याचा ठपका ठेवतो. दाद मागायला जिनिव्हात आसन असलेला, फिबा या आंतरराष्ट्रीय महासंघाचा बास्केटबॉल लवाद आहे. पण त्याचे कलम करारात असेल तरच तो प्रकरण घेतो. निकाल पाळला नाही तर क्लबला नवे खेळाडू नोंदवण्यावर बंदी येऊ शकते, आणि बहुतेक क्लब तिलाच घाबरतात. जुन्या देशाच्या महासंघाचे ना-हरकत पत्र आल्याशिवाय नव्या देशात नोंदणी होत नाही, हेही घाईत विसरले जाते.

एनबीएशी तुलना केली तर मैदानावरचे फरकही कमी नाहीत. सामना ४८ ऐवजी ४० मिनिटांचा, सहाऐवजी पाच फाउलवर बाहेर. थ्री-पॉइंटची रेषा ७.२४ ऐवजी ६.७५ मीटरवर. बचाव करणाऱ्या सेंटरला कड्याखालच्या रंगवलेल्या भागात तीन सेकंदांच्या आत बाहेर पडायचे बंधन नाही, त्यामुळे आत घुसणाऱ्या अमेरिकी गार्डला तिथे कायम एक भिंत उभी दिसते. कड्याला लागलेला चेंडू फिबाच्या नियमांत कोणीही उडवू शकतो, एनबीएची सवय असलेला सेंटर नुसता बघत राहतो. टाइम-आउट प्रशिक्षकानेच मागायचा, खेळाडूने हाताने कितीही खुणा केल्या तरी पंच ढिम्म. उत्तेजकांचा मुद्दा तर गंभीर आहे. एनबीएने २०२३ च्या करारापासून गांजाची चाचणी सोडली, पण फिबा जागतिक उत्तेजकविरोधी संहितेवर चालते आणि स्पर्धाकाळात तो निषिद्धच आहे. कोरियाच्या लीगने २०१८-१९ मध्ये परदेशी खेळाडूंना उंचीची मर्यादा घातली होती, एक जण २०० सेंटिमीटरच्या आत आणि दुसरा १८६ च्या. लोक मोजपट्टीखाली उभे राहून नापास झाले. पुढच्याच हंगामात नियम गेला, बरे झाले.

परदेशातली वर्षे वाया जातात असेही नाही. पी. जे. टकर २००६ मध्ये टोरंटोने निवडला आणि पहिल्याच हंगामात सोडला. मग इस्रायल, युक्रेन, ग्रीस, इटली, जर्मनी अशी पाच वर्षे. कॉलेजात तो आतल्या भागात खेळायचा, पण त्या जागेसाठी १.९६ मीटर उंची एनबीएत कमी पडत होती. परतला तो समोरच्या सर्वांत धोकादायक खेळाडूला अडवणारा आणि कोपऱ्यातून थ्री-पॉइंटर मारणारा होऊन. २०१२ मध्ये फीनिक्सने घेतला, २०२१ मध्ये मिलवॉकीकडून विजेता झाला.

आपल्या वाचकांना जवळची नावेही याच चौकटीत बसतात. सतनाम सिंग २०१५ मध्ये ५२ व्या क्रमांकावर डॅलसने निवडला, पण मुख्य संघाकडून एकही सामना खेळला नाही, शाखेतच राहिला. सिम भुल्लर त्याच वर्षी दहा दिवसांच्या करारावर सॅक्रामेंटोकडून खेळला आणि पुढे तैवानमध्ये कारकीर्द केली. अमज्योत सिंग २०१७-१८ मध्ये जी लीगच्या ओक्लाहोमा सिटी ब्लूकडे, अमृतपाल सिंग त्याच हंगामात सिडनी किंग्जकडे. चौघांचे करार चार तऱ्हेचे होते, मथळे मात्र एकाच साच्यातले.

निवृत्तीचा हिशेबही करारावर आहे. एनबीएचे निवृत्तिवेतन तीन हंगाम पूर्ण झाल्यावर लागू होते, आणि २०१६ मध्ये खेळाडू संघटनेने निवृत्तांसाठी सुरू केलेला आरोग्यविमाही किमान तीन हंगामांनाच आहे. अडीच हंगामांवर अडकलेला तिशीतला माणूस आणखी एका किमान वेतनाच्या कराराची वाट का बघतो, हे यावरून कळावे.

तेव्हा विनंती एवढीच, की अशी बातमी देताना एक ओळ वाढवावी: करार हमीचा की बिनहमीचा, मुदत किती, टू-वे आहे की एक्झिबिट १०, दहा दिवसांचा असेल तर पहिला की दुसरा. वृत्तसंस्थांच्या मूळ इंग्रजी बातमीत ही माहिती बहुधा असतेच, भाषांतर करताना ती गळते.

कळावे,
आपला एक नियमित वाचक